तिच्या फोनमधली जागा

"बाबा, मामाला कळवलंत?"

लेकीने हे विचारलं तेव्हा आम्ही हॉस्पिटलच्या तळमजल्यावर खिडकीपाशी उभे होतो. आतला कारकून कागद पुढे सरकवत होता आणि तो दाखवेल तिथे मी सही करत होतो. पहाटे डॉक्टर बाहेर आले होते. त्यांनी तोंड उघडायच्या आधी चष्मा काढला, आणि मला कळलं. बायकोला आदल्या संध्याकाळी धाप लागली म्हणून आणलं होतं. सकाळी ती नव्हती.

"कळवतो," मी म्हणालो.

"आत्ता कळवा. अशा वेळी कैद्यांना सोडतात म्हणे. दोन पोलीस बरोबर देऊन का होईना, आणतात."

"कळवतो म्हटलं ना."

मामा म्हणजे बायकोचा धाकटा भाऊ. आई-बाप लवकर गेले, त्याला तिनेच वाढवला. ती त्याला बारक्या म्हणायची आणि तो चाळिशीला आला तरी बारक्याच राहिला. टेम्पो चालवायचा. एकदा पिऊन चालवला, सायकलवरच्या एका माणसाला उडवलं, आणि न थांबता पळाला. तो माणूस वाचला नाही. बारक्या पळून आला तो आमच्याच घरी. पोलिसांनी त्याला आमच्या जिन्यातून खाली नेला तेव्हा चारही मजल्यांची दारं उघडी होती.

जेलच्या ऑफिसचा नंबर माझ्या फोनमध्ये होता. हॉस्पिटलच्या बाहेर येऊन मी फोन काढला. नंबर समोर आणला. आणि फोन परत खिशात ठेवला.

का, ते सांगतो. मला तो गाडीतून उतरताना दिसला. हातात बेड्या, दोन्ही बाजूंना पोलीस, आणि सगळी इमारत खाली जमलेली. लोक तिच्याकडे बघायचं सोडून याच्याकडे बघतील, असं मी मनाशी म्हणालो. तिच्यासाठीच नको, असं स्वतःला पटवलं. खरं तर लोकांनी विसरावं म्हणून मी इतकी वर्षं मान खाली घालून जिना चढत होतो, ते वाया जाईल याची मला भीती होती.

वॉर्डमधल्या एका जुन्या सिस्टरने बायकोला ओळखलं होतं. बायकोने त्याच हॉस्पिटलच्या कपड्यांच्या खोलीत नोकरी केली. धुऊन आलेल्या चादरी मोजून, घड्या घालून, वॉर्डावॉर्डांत पाठवायच्या. तिच्या हातची घडी अशी, की चादर उलगडली तरी चौकोन दिसायचे. त्या सिस्टरने कपाटातून एक नवी चादर काढून तिच्या अंगावर घातली. "यांना फाटकी कशी घालू," म्हणाली.

संध्याकाळी सगळं आटोपलं. घरी आल्यावर लेकीने पुन्हा विचारलं.

"फोन लागला नाही," मी म्हणालो.

तिने लगेच मानलं. कारण फोन न लागणं ही आमच्या घरातली कितीतरी दिवसांची जुनी गोष्ट झाली होती.

*

जेलमधल्या माणसाशी बोलायचं एक ॲप असतं. घरच्या एका माणसाचं नाव नोंदवायचं, त्याच्या नंबरवर खातं उघडतं, आणि आठवड्यातून एकदा पंधरा मिनिटं समोरासमोर बोलता येतं. आतला माणूस मागणी टाकतो, घरचा माणूस होकार देतो. बायकोच्या गुडघ्यांनी आणि दम्याने तिला दिवसभराचा बसचा प्रवास झेपत नव्हता. त्यामुळे रविवारची पंधरा मिनिटं हीच तिची भेट.

रविवारी ती दुपारपासून तयार असायची. तोंड धुऊन, केस विंचरून पलंगावर बसायची आणि फोन पाण्याच्या बाटलीला टेकवायची.

"जेवलास?"

"जेवलो."

"मीठ होतं का आज?"

"होतं. कालचंही आजच घातलं होतं."

"वजन वाढलंय तुझं. सरकारी अन्न मानवलेलं दिसतंय."

"ताई, हळू बोल. इथले सगळे म्हणतात, तुझ्या बहिणीला फोन कशाला लागतो, खिडकी उघडली तरी ऐकू येईल."

ती हसायची. मी तेवढ्या वेळात बाहेर गॅलरीत जाऊन उभा राहायचो. तो विचारायचा, "दाजी आहेत का?" आणि ती म्हणायची, "खाली गेलेत." दाजी दाराच्या मागे असायचे. तो आत गेल्यापासून मी त्याच्याशी एक शब्द बोललो नव्हतो.

मी लिफ्टचा मेकॅनिक. आता निवृत्त. आयुष्यभर मशिनं उघडली आणि बंद केली, त्यामुळे घरातलं काहीही बिघडलं की माझ्याकडे यायचं, आणि यायलाच हवं असं मला वाटायचं. माझा स्वतःचा फोन बटणांचा. तिचा मात्र लेकीने दिलेला, बोटाने सरकवायचा.

एकदा तो फोन म्हणायला लागला, जागा अपुरी आहे. लेकीने पाठवलेला फोटो उतरेना. त्याच आठवड्यात तिने कुठेतरी बोट लावलं आणि फोन भोंग्यासारखा ओरडायला लागला. पडद्यावर लाल अक्षरं, तुमच्या फोनला धोका आहे. ती घाबरून फोन उशीखाली कोंबून बसली होती.

"आण इकडे," मी म्हणालो. चष्मा लावला आणि पॅनेल उघडावं तसा फोन घेऊन बसलो. एकेका चित्रावर बोट ठेवायचं आणि विचारायचं.

"हे काय?"

"माहीत नाही बाई."

"कधी उघडतेस?"

"नाही."

"मग काढ."

खेळ गेले. खरेदीची दोन दुकानं गेली. उजेडाची दुसरी बॅटरी गेली. मग एक गोल चित्र आलं.

"हे?"

"ते आपोआपच उघडतं कधीतरी. मी नाही उघडत."

"यातूनच येतो तुझा भोंगा."

ते खरंच होतं. पण ते चित्र निघेना, नुसतं बंद करता येत होतं. बंद करायला गेलो तर फोनने पाटी दाखवली, असे केल्यास इतर ॲप नीट चालणार नाहीत. असल्या पाट्या मी खूप पाहिल्या आहेत. कंपन्या आपली अंगचोरी झाकायला लावतात. मी 'हो' दाबलं.

"बघा हं," ती म्हणाली, "माझा रविवार बिघडवू नका."

"तुझ्या रविवारला हातही लावलेला नाही."

आणि रविवारी फोन व्यवस्थित लागला. पुढच्या रविवारीही लागला. फोन हलका झाला, भोंगा बंद झाला. ती शेजारच्या वहिनींना सांगत होती, "आमच्यांनी फोन साफ करून दिला."

पुष्कळ दिवसांनी एका रविवारी ॲपने तिला सांगितलं, सुरक्षेसाठी पुन्हा प्रवेश करा. तिने बटण दाबलं. पडदा पांढरा झाला, एकदा लुकलुकला, आणि परत तेच बटण. खाली बारीक लाल अक्षरात, काहीतरी चुकले, थोड्या वेळाने पुन्हा प्रयत्न करा.

"थोडा वेळ म्हणजे किती?" तिने विचारलं.

"थोडा वेळ म्हणजे थोडा वेळ."

ती थोडा थोडा वेळ थांबून दाबत राहिली. अंधार पडला तरी ती केस विंचरलेल्या अवस्थेत बसलेली होती.

मी काय केलं नाही ते विचारा. फोन बंद करून चालू केला. इंटरनेटचा डबा बंद करून चालू केला. ॲप काढून टाकलं, पुन्हा घातलं, पुन्हा काढलं. तिला खिडकीत बसवलं, गच्चीच्या जिन्यात बसवलं. मदतीच्या नंबरवर फोन केला. तिथला माणूस म्हणाला, "आमच्याकडून सगळं सुरळीत आहे सर. दुसऱ्या फोनवरून करून बघा."

"वहिनींच्या फोनवरून करू का?" ती म्हणाली. "त्या नाही म्हणायच्या नाहीत."

"जेलचं ॲप शेजारणीच्या फोनात घालणार? आहे तेवढी अब्रू पुरे झाली."

"मग दुकानात तरी दाखवू."

"दुकानवाल्याला काय कळतंय? मी बघतो म्हटलं ना."

मी बघतो म्हणालो आणि पुढच्या रविवारपर्यंत बघितलं नाही. पुढच्या रविवारीही पांढरा पडदा आला. तिने जेलच्या ऑफिसात फोन करून निरोप ठेवला. तो पोचला की नाही, कळायला मार्ग नव्हता. मग ती मला म्हणाली, "बसने जाऊन येऊ या का? तुम्ही बरोबर असलात तर जमेल."

"थंडी जाऊ दे. मग बघू."

खरं सांगायचं तर मला रविवार शांत वाटायला लागले होते. गॅलरीत उभं राहावं लागत नव्हतं.

"त्याला वाटेल, ताईनेही टाकलं," ती एकदा म्हणाली.

"वाटू दे. त्याने कमी त्रास दिलाय?"

तिने वाळलेल्या कपड्यांचा ढीग पुढे ओढला आणि घड्या घालायला घेतल्या. टोकाला टोक लावून, हाताने दाबून. त्या महिन्यातच तिची धाप वाढली.

*

लेक जायला निघाली तेव्हा दारात थांबून म्हणाली, "मामाला तुम्हीच सांगा बाबा. ऑफिसातून निरोप नको. कुणीतरी घरचं समोर बसून सांगायला हवं. आई गेल्याचं त्याला शिपायाकडून कळता कामा नये."

"ॲप चालत नाही."

"मग दुरुस्त करून आणा. दुकानं कशाला असतात?"

तिच्या आईनेही हेच म्हटलं होतं. मी फोन घेऊन खालच्या रस्त्यावरच्या दुकानात गेलो.

दुकान एका बाईचं. केस पिकायला लागलेले, कपाळावर चढवलेलं भिंग, समोर उघडलेल्या फोनांची रांग. मला बघून म्हणाली, "बसा काका. पडला, भिजला की नातवाने चावला?"

"एक ॲप उघडत नाही."

मी दाखवलं. ॲपचं नाव वाचून तिने शेजारी उभ्या गिऱ्हाइकाला दिसू नये म्हणून फोन स्वतःकडे वळवला. बटण दाबलं. पांढरा पडदा, परत तेच बटण, लाल अक्षरं.

"काय काय करून झालं?"

मी सगळं सांगितलं. तीन-चारदा काढून घातलं हेही सांगितलं, जरा अभिमानानेच.

"चोर सोडून संन्याशाला फाशी," ती म्हणाली. "ॲप बिचारं धडधाकट आहे." मग तिने फोनवर इकडेतिकडे बोट फिरवलं आणि थांबली. "काका, यात ब्राउझर कुठंय?"

"म्हणजे?"

"वेबसाइट उघडतो तो. गोल चित्र असतं बघा."

मी चष्मा काढून पुसायला घेतला.

"कसं असतं," ती समजावायला लागली, "ही सरकारी ॲपं आत घ्यायच्या आधी ओळख तपासतात. ती तपासणी ॲपमध्ये होत नाही, वेबसाइटवर होते. तुम्ही बटण दाबलं, की ॲप ब्राउझरला हाक मारतं, बाबा रे, ते पान उघड. ब्राउझर पान उघडतो, तुम्ही नंबर टाकता, आणि तो तुम्हाला परत ॲपमध्ये आणून सोडतो. इथे ॲप हाक मारतंय आणि घरात कुणी नाही. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?"

"पण आधी चालत होतं. कितीतरी दिवस."

"ओळख तपासून झालेली असेल तोवर चालतं. मधून मधून ते पुन्हा तपासतात. तेव्हाच ब्राउझर लागतो. एरवी तो नुसता पडून असतो." तिने एक यादी उघडली आणि फोन माझ्यापुढे धरला. "हे बघा. बंद करून ठेवलाय. आपोआप होत नाही हे. कुणी केलं?"

लिफ्टच्या वरच्या खोलीत एक चाक असतं. लिफ्ट नीट चालते तोवर ते नुसतं बरोबर फिरतं. काही ओढत नाही, काही उचलत नाही. वर्षानुवर्षं त्याचा काही उपयोग नाही असंच बघणाऱ्याला वाटतं. पण दोर तुटला आणि लिफ्ट सुसाट खाली यायला लागली, की तेच चाक पकडतं आणि माणसं वाचतात. कामावर येणाऱ्या प्रत्येक नव्या माणसाला मी पहिल्या दिवशी त्या चाकापाशी नेऊन उभा करायचो. याला कुणी हात लावायचा नाही, म्हणून दम भरायचो. ही माझी विद्या.

"कुणी केलं काका?" तिने पुन्हा विचारलं.

"माहीत नाही," मी म्हणालो. "बायकोचा फोन आहे."

"वाटलंच. काकूंचं बोट लागलं असेल." ती हसत हसत एक बटण दाबून मोकळी झाली. "झालं. काढायलाही काही नाही आणि घालायलाही काही नाही. काकूंना सांगा, पुन्हा असल्या ठिकाणी हात लावू नका म्हणावं."

"सांगतो," मी म्हणालो.

तिने पैसे घेतले नाहीत. एवढ्याशा कामाचे काय घ्यायचे, म्हणाली. मी रस्त्याच्या कोपऱ्यापर्यंत आलो आणि परत फिरलो. तिला सांगायचं होतं की ते बोट माझं होतं. दुकानाशी आलो तर ती भिंग डोळ्यावर ओढून दुसऱ्याच्या फोनात वाकलेली होती. मी थोडा वेळ उभा राहिलो. तिने मान वर केली नाही. मी घरी आलो.

घरी येऊन ॲप उघडलं. पान आलं, नंबर टाकला, आणि मी आत गेलो. इतकं सोपं होतं. आत एकाखाली एक त्याच्या मागण्या होत्या. प्रत्येक रविवारची एक, आणि प्रत्येकीपुढे करड्या अक्षरात, उत्तर मिळाले नाही. एकही रविवार त्याने चुकवला नव्हता. ती गेली त्याच्यानंतरच्या रविवारचीही होती. सगळ्यात वर येत्या रविवारची. तिच्यापुढे हिरवं बटण.

ते मी दाबलं.

*

रविवारी मी दाढी केली. पलंगावर तिच्या जागी बसलो आणि फोन बाटलीला टेकवला. काय बोलायचं ते पाठ केलं होतं. बारक्या, मन घट्ट कर. ताई गेली. झोपेतच गेली, त्रास झाला नाही. यातलं शेवटचं खरं नव्हतं, पण तेवढं चालेल असं वाटलं होतं.

फोन वाजला. पडद्यावर तो आला. केस बारीक कापलेले, गाल बसलेले. वजन कुठेच वाढलेलं नव्हतं. ती इतके दिवस त्याला लठ्ठ म्हणत होती ते त्याला हसवायला, हे मला तेव्हा कळलं.

"ताई," तो म्हणाला, आणि थांबला. "दाजी?"

"हं."

"दाजी, तुम्ही?" त्याने बसल्या बसल्या शर्टाचं वरचं बटण लावलं. "बरे आहात ना?"

"बरा आहे."

"ताई कुठंय?"

मी तोंड उघडलं. तेवढ्यात तोच म्हणाला, "बोलायचं नाहीये ना तिला? राहू दे. मला माहीतय. तुम्ही फक्त तिला सांगा की माझं चुकलं."

"काय चुकलं?"

"तिने नाही सांगितलं? मागच्या वेळी बोललो तेव्हा ती रडायला लागली. माझा अपिलातला जामीन नाही झाला म्हणून. मी वैतागलो. म्हटलं, रडायचं असेल तर फोनच करू नकोस, मला इथे दिवस काढायचेत. आणि वेळ संपली, फोन तुटला." त्याने नाकाला हात लावला. "त्याच्यानंतर तिने घेतलाच नाही. मी दर रविवारी टाकत होतो मागणी. बरोबरच आहे तिचं. तिच्या जागी मी असतो तर मीही घेतला नसता."

ती रडली होती हे मला माहीत नव्हतं. मी गॅलरीत होतो.

"ऐक," मी म्हणालो. "ती रागावलेली नव्हती. फोन बिघडला होता."

"दाजी, मला बरं वाटावं म्हणून नका सांगू."

"खरं सांगतोय. ॲपच उघडत नव्हतं. त्याला एक ब्राउझर लागतो, तो मी बंद करून टाकला होता. जागा होत नव्हती म्हणून. माझ्या हातून झालं ते. ती दर रविवारी दाबत बसायची. केस विंचरून बसायची तुझ्यासाठी. अंधार होईपर्यंत."

तो माझ्याकडे बघत राहिला. मग त्याचा चेहरा सैल झाला, आणि तो हसायला लागला. हसताना डोळे पुसत होता.

"तुम्ही बंद केला? लिफ्टवाल्याने?"

"हो."

"मग ताईने चांगलंच धुतलं असेल तुम्हाला."

"तिला माहीत नाही," मी म्हणालो.

"सांगूच नका. मीही नाही सांगणार." तो फोनच्या जवळ आला. "म्हणजे रागावली नव्हती?"

"नव्हती."

"मग झालं. मग काहीच नाही. दाजी, मी दोन महिने नीट झोपलेलो नाही. हाक मारा ना तिला."

"झोपलीय," मी म्हणालो.

हा शब्द माझ्या तोंडून कसा आला ते मला सांगता येणार नाही. तो दोन महिन्यांनी हसला होता. मला वाटलं, एवढं हसून घेऊ दे, मग सांगतो. आणि तो बोलायला लागला. आत सुतारकामाला घातलंय, हात बसलाय, मास्तर चांगला आहे, असलं काहीबाही. घड्याळाचे आकडे कोपऱ्यात उतरत होते आणि मी मान हलवत होतो.

"उठवू नका तिला," शेवटी तोच म्हणाला. "औषधाने लागली असेल झोप. पुढच्या रविवारी बोलेन. आणि दाजी..."

"काय?"

"तुम्ही बोललात. बरं वाटलं."

पडदा काळा झाला.

संध्याकाळी लेकीचा फोन आला. "बोललात मामाशी?"

"बोललो."

"कसं घेतलं त्याने?"

"घेतलं," मी म्हणालो.

ती रडायला लागली. "बिचारा. आता आपणच आहोत त्याला. दर रविवारी बोलत जा बाबा."

मी हो म्हणालो. खातं बायकोच्या नावाचं आहे. ती गेल्याचं ऑफिसला कळलं की ते बंद होणार, आणि माझ्या नावाचा अर्ज बारक्याला आतून करावा लागणार, त्याला वेळ जाणार. हे कारण मी स्वतःला बरेचदा सांगितलं आहे. कारण खोटं नाही. पण मी गप्प राहिलो ते त्यासाठी नाही.

दुसऱ्या रविवारी ताई डॉक्टरकडे गेली होती. तिसऱ्या रविवारी लेकीकडे. बारक्याला शंका आली नाही. ज्याने एकदा आपणहून स्वतःची चूक सांगितली, तो माणूस खोटं बोलेल असं त्याला वाटत नाही. तो आता मलाही विनोद सांगतो. मागच्या वेळी म्हणाला, "दाजी, तुम्ही हसत नाही, फक्त मशीन सुरू झाल्यासारखा आवाज करता." मी खरंच हसलो. लगेच तिच्या उशीकडे लक्ष गेलं आणि तोंड मिटलं.

परवाच्या रविवारी तो मोठ्या कामात असल्यासारखा दिसत होता. कानावर पेन्सिल होती.

"दाजी, ताईला सांगू नका. तिच्यासाठी स्टूल करतोय. पाय वर ठेवून बसायला. मास्तरने चांगलं लाकूड दिलंय. फक्त उंची पाहिजे. तिचा गुडघा कितपत वाकतो हल्ली? पलंगावर बसली की पाय जमिनीला टेकतात का?"

"टेकत नाहीत."

"मग पलंगाची उंची सांगा. टेप आहे ना घरात? तुमच्याकडे नसेल तर कुणाकडे असणार."

मी उठलो. हत्यारांच्या पेटीतून टेप काढला. पलंगाच्या कडेशी बसून जमिनीपासून गादीपर्यंत माप घेतलं. गादी तिच्या बाजूला थोडी दबलेली आहे, म्हणून तिथलं वेगळं घेतलं. मग मनातल्या मनात ती बसलेली धरली, आणि गुडघ्याला ताण पडू नये म्हणून त्यातून किती कमी करायचं ते ठरवलं.

"लिही," मी म्हणालो.

त्याने लाकडाच्या तुकड्यावर आकडा लिहिला आणि मला दाखवला. "बरोबर?"

"बरोबर."

"पायांना खाली रबर लावतो. फरशीवर सरकायला नको." त्याने तुकडा खिशात ठेवला. "पुढच्या रविवारी तिला जरा जवळ बसवा हं. आवाज ऐकून खूप दिवस झाले."

"बघतो," मी म्हणालो, आणि वेळ संपली.

टेप पेटीत ठेवला. ब्राउझर चालू आहे, ॲप उघडतं, रविवारच्या मागणीला होकार देऊन झाला आहे. ताई गेली, हे मी त्याला अजून सांगितलेलं नाही.